न्यूझीलंडच्या मेंढ्या आणि आपलं मटण : खुलासा

“न्यूझीलंडमधलं मेंढीपालन बंद पडत आलंय, म्हणून रत्नागिरीत मटण महागलं” हा मेसेज परवा मीच गावच्या ग्रुपवर टाकला होता. तो चुकीचा आहे. माफी असावी.

तिथली सरकारी आकडेवारी आता नीट वाचली. १९८२ साली सुमारे ७ कोटी मेंढ्या होत्या, आज अडीच कोटींहून कमी, एवढं खरं. १९८४ नंतर अनुदानं गेली, कुरणांवर दुभत्या गाई आणि पाइनची लागवड आली. पण मांस त्या प्रमाणात घटलं नाही. एका मेंढीमागे कोकरं जास्त जगतात, शिवाय प्रत्येक कोकरू पूर्वीपेक्षा वजनाला चांगलं भरतं.

आणि आपल्याकडे मटण म्हणजे बोकडाचं. कोकणातला पाऊस मेंढरांना मानवत नाही. बोकड येतात ते बरेचसे घाटावरून. त्याचा न्यूझीलंडशी काय संबंध?

जुना मेसेज कृपया पुढे पाठवू नका. पाठवला असेल, तर त्याच ग्रुपवर हा खुलासा टाका.