जेस्मोनाइटची मूर्ती पाण्यात विरघळत नाही

गणपती जवळ आले की हा मजकूर ग्रुपांवर फिरू लागतो: 'जेस्मोनाइट हे नवं, शंभर टक्के नैसर्गिक इको रेझिन आहे. बिनविषारी आहे, त्यामुळे ताटं-वाट्या करा, अंगणातल्या कुंड्या करा, पीओपीऐवजी याच्याच गणेशमूर्ती करून विसर्जन करा.' जेस्मोनाइट म्हणजे भुकटी आणि द्रव कालवून साच्यात ओतायचं, मग कडक होणारं मटेरियल. मी स्वतः ते ओतते. मला ते मनापासून आवडतं, म्हणूनच हे चुकीचं कौतुक खटकतं.

'नवं' म्हणावं तर पीटर हॉकिन्स यांनी ते १९८४ मध्ये ब्रिटनमध्ये तयार केलं. आपल्याकडच्या हौशी कारागिरांपर्यंत ते उशिरा पोचलं, एवढंच.

'शंभर टक्के नैसर्गिक' हेही खरं नाही. घरगुती कामात जास्त चालणाऱ्या एसी १०० प्रकारात अडीच भाग भुकटी आणि एक भाग द्रव, असं वजनी प्रमाण असतं. भुकटी जिप्सम या खनिजाची असते, पण द्रव म्हणजे पाण्यात मिसळलेलं अ‍ॅक्रिलिक पॉलिमर, म्हणजे प्लास्टिकच. पॉलिएस्टर रेझिनसारखा स्टायरीन या रसायनाचा उग्र वास याला येत नाही आणि हात-भांडी पाण्याने धुता येतात. हा फायदा मोठाच आहे. मात्र ते धुतलेलं पाणी मोरीत ओतू नका. बादलीत गाळ बसू द्या, नाहीतर पाइप तुंबतो.

ताटं-वाट्या नकोतच. वस्तू सच्छिद्र असते, डाग धरते आणि उत्पादकही तिला अन्नासाठी सुरक्षित म्हणत नाहीत. कोस्टर, ट्रे, चाव्या ठेवायची तबकडी खुशाल करा.

कुंड्यांचं उत्तर प्रकारावर ठरतं. जिप्समवाला एसी १०० घरातच बरा. पावसात राहायच्या वस्तूसाठी सिमेंटवर आधारलेला एसी ७३० आहे. काचतंतूंची जाळी घालून पातळ, हलकी पण मजबूत कवचं करता येतात. शिल्पं, छताची नक्षी, नाटकाचे सेट यांत या मटेरियलचा खरा कस लागतो. त्याबद्दल मात्र त्या मजकुरात एक अक्षर नाही.

आता मूर्ती. पीओपी म्हणजे भाजलेलं जिप्सम, आणि एसी १०० ची भुकटी त्याच कुळातली. जिप्सम पाण्यात विरघळतं ते लिटरला जेमतेम दोन-अडीच ग्रॅम, म्हणूनच पीओपीच्या मूर्ती दिवसेंदिवस तशाच पडून राहतात. इथे तर कणांना अ‍ॅक्रिलिकने आणखी घट्ट बांधलेलं असतं. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या मे २०२० च्या मार्गदर्शक तत्त्वांत पीओपी आणि प्लास्टिक दोन्ही नकोत असं म्हटलं आहे. या मूर्तीत दोन्ही एकत्र येतात. तिला 'पर्यावरणपूरक' म्हणून विकणं ही भाविकांची फसवणूक आहे. वर्षानुवर्षं देव्हाऱ्यात ठेवायची मूर्ती असेल तर गोष्ट वेगळी. विसर्जनाची असेल तर त्याच साच्यात शाडू दाबून भरा. ती बादलीत विरघळते आणि उरलेली माती तुळशीच्या कुंडीत जाते.