दोन पैशांचा फरक

पुण्याच्या मेहुण्यांना शेंगा चटणी पाठवायची होती. परवा सोलापुरातल्या नवी पेठेतल्या एका दुकानात गेलो. पाव किलोचं पाकीट 90 रुपये, किलोचं 380. मी म्हणालो, "पाव किलोची चार द्या."

मालकाचा हात किलोच्या पाकिटावर होता, तो तिथेच थांबला.

"किलोच न्या की. मोठं पाकीट परवडतंय."

"तुम्हाला परवडतंय. मला वीस रुपये जास्त पडतात."

असले वाद होऊ नयेत म्हणूनच सरकारने पाकिटावर एमआरपीबरोबर एककाचा दरही छापायला लावलाय. किलोच्या आतल्या मालाला दर ग्रॅमचा. म्हणून पाव किलोवर, मुंगीलाही चष्मा लागेल अशा अक्षरांत, '0.36 रुपये प्रति ग्रॅम', आणि किलोवर नुसते 380. तुलना करायची तर गिऱ्हाइकाने काउंटरवर उभं राहून दशांशचिन्ह तीन घरं सरकवायचं. चटणी ग्रॅमवर कोण घेतं? सोनं आहे का ते?

मी सरकवलं. मोठ्याने सरकवलं, हे मागच्या काकांना पुरलं.

"म्हणजे ग्रॅममागं फरक किती?"

"दोन पैसे."

"दोन पैशासाठी रांग अडवायलाव व्हय?"

"काका, ग्रॅमला दोन पैसे. हजार ग्रॅमला वीस रुपये."

"ओ सर, चार आणे 2011 ला बंद झाले. दोन पैसे हायत कुठं चलनात?" रांगेत कोणीतरी हसलं. काकांना चेव चढला. "आमच्या मास्तरांनी पावकी पाठ करून घेतली होती. एक पावकी पाव, दोन पावकी अर्धा, तीन पावकी पाऊण, चार पावकी एक. एकच झालं की न्हाई?"

"वजन एक झालं. भाव नाही."

"एक म्हणजे एकच असतंय," काका म्हणाले. मालकाने 'बघा' अशा अर्थाने माझ्याकडे पाहिलं.

यात काकांचा दोष नाही. आपल्याला गणितच असलं शिकवतात, एक नळ चार तासांत हौद भरतो आणि दुसरा सहा. सोलापुरात घोडं नळ कोणत्या दिवशी येणार इथेच अडतं. उन्हाळ्यात उजनी 'उणे' टक्क्यांत जाते आणि आपण चहा पीत ते वाचतो. धरणात पाणी असून साठा उणे कसा, तर उपयुक्त साठा संपला, आता मृत साठ्यातून उपसा चाललाय. एक टीएमसी म्हणजे साधारण 2,832 कोटी लिटर, पण आपला हिशोब अजून घागरीत. शिवाय कपडा मीटरवर आणि चादर फूट-इंचात मागणारं गाव आहे हे. मेट्रिक वजनं सक्तीची होऊन साठ वर्षं उलटली, तरी आम्हाला एककं बदललेली मनापासून आवडत नाहीत.

मालक म्हणाला, "पावाची तीनच शिल्लक हायत."

मागच्या फळीवर मला आणखी दिसत होती.

"चौथा पाव सुटा देतो. सुटी चारशेनं."

म्हणजे तिनाचे 270, सुट्याचे 100, एकूण 370. तरी दहा रुपये वाचत होते, म्हणून हो म्हणालो. त्याने सुटी चटणी कागदात बांधली, चारही पुड्या कापडी पिशवीत टाकल्या आणि पिशवीचे दहा लावले.

"तीनशे ऐंशी."

काकांनी किलोचं पाकीट घेतलं. त्यांना पिशवी फुकट मिळाली.