खटारा भंगारात काढणाऱ्यांसाठी

आज सकाळी आमच्या नातेवाइकांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एका मामेभावाने शेतकरी कामगार पक्षावर, म्हणजे शेकापवर, विनोद टाकला. खटारा केव्हाच भंगारात गेला, आता लाल बावट्याची पायपुसणी करा, असा काहीसा तो होता (खटारा ही पक्षाची निवडणुकीतली जुनी निशाणी, लाल बावटा त्याचा झेंडा) आणि त्याखाली हसण्याची रांग लागली. विनोदाचे मला वावडे नाही. परंतु हा भाऊ उरण तालुक्यात ज्या इमारतीत राहतो ती साडेबारा टक्क्यांच्या भूखंडावर उभी आहे, आणि तो भूखंड आकाशातून पडला अशी त्याची समजूत दिसते.

१९८४ च्या जानेवारीत, १६ आणि १७ तारखेला, न्हावा-शेवा बंदरासाठी जाणाऱ्या जमिनींना योग्य मोबदला मिळावा म्हणून उरणचे शेतकरी शेकापचे नेते दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली रस्त्यावर उतरले. पोलिसांच्या गोळीबारात पाच जण गेले. पुढे विकसित जमिनीतला साडेबारा टक्के वाटा मूळ शेतकऱ्याला परत देण्याचे धोरण सरकारला मान्य करावे लागले, ते या रक्तामुळे. दि. बा. शेवटी शिवसेनेत गेले हे खरे आहे. पण ती लढाई त्यांनी शेकापचे म्हणूनच लढवली.

माझे आजोबा अलिबाग तालुक्यातले, पक्षाचे साधे कार्यकर्ते. निवडणूक आली की पावतीपुस्तक घेऊन ते घरोघर हिंडत आणि लहानपणी मी कार्बन पेपर सांभाळायला त्यांच्याबरोबर जात असे. एकदा एका दुकानदाराने गल्ल्यातून पाच रुपये काढून दिले आणि पावतीवर नाव घालू नका, असे हळूच सांगितले. गावातली सत्ता दुसऱ्यांकडे होती, त्याला धंदा करायचा होता. आजोबांनी नोट त्याच्याच गल्ल्यावर ठेवली, पुस्तक मिटले आणि ते पुढच्या घरी गेले. संध्याकाळी इतर कार्यकर्ते त्यांच्यावर उखडले, कारण जीपच्या डिझेललाही पैसे नव्हते.

हा ताठा त्यांच्यात कुठून आला, हे पक्षाचा इतिहास पाहिल्यावर कळते. १९४७ मध्ये केशवराव जेधे, शंकरराव मोरे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, शेतकऱ्याच्या जिवावर मोठी झालेली काँग्रेस आता भांडवलदारांच्या कह्यात जात आहे, असे म्हणून काँग्रेसमध्येच वेगळी चूल मांडली आणि वर्षभरात ते पूर्णपणे बाहेर पडले. सत्ता दारात आली असताना सत्ताधारी पक्ष सोडणारी माणसे आज शोधून दाखवा. १९५० मध्ये नाशिक जिल्ह्यातल्या दाभाडीला पक्षाने मार्क्सवाद-लेनिनवाद स्वीकारला. मतभेद झाले; क्रांतिसिंह नाना पाटील आणि दत्ता देशमुख यांनी कामगार किसान पक्ष काढला, तर जेधे आणि मोरे काही वर्षांनी काँग्रेसमध्ये परतले. संस्थापकच निघून गेल्यावर पक्ष संपायला हवा होता. तो संपला नाही, उलट १९५७ मध्ये संयुक्त महाराष्ट्राच्या लाटेत त्याचे ३१ आमदार निवडून आले. आमच्या कुलाबा (आताच्या रायगड) जिल्ह्यात तर जमीन आधीच नांगरलेली होती: अलिबागजवळच्या चरी गावच्या कुळांनी नारायण नागू पाटलांच्या पाठीशी उभे राहून खोतांविरुद्ध १९३३ ते १९३९ संप चालवला, तेव्हा शेकापचा जन्मही झाला नव्हता. शेतात पीक नाही, घरात दाणा नाही आणि तरी सहा वर्षे माघार नाही, याची नुसती कल्पना करून पाहा.

त्या दुकानदाराची आठवण मला हल्ली वारंवार होते, कारण पुढे साऱ्या महाराष्ट्राने या पक्षाशी तसाच व्यवहार केला. लढ्याचा फायदा सर्वांना हवा होता, पावतीवर नाव मात्र नको होते. २०२१ मध्ये नवी मुंबईच्या विमानतळाला दि. बां.चे नाव द्यावे म्हणून सर्व पक्षांचे लोक रस्त्यावर आले, त्याचा मला मनापासून आनंद झाला. परंतु हे दि. बा. आयुष्याचा मोठा काळ कुठल्या पक्षात होते, याचा उल्लेख त्या दिवसांत मी ज्या भाषणांत ऐकला, ती भाषणे एका हाताच्या बोटांवर मोजता येतील.

एवढे लिहून झाल्यावर राग थोडा निवळला आहे, म्हणून हेही लिहितो. रायगडात पक्ष एका घराण्याभोवती फिरत राहिला, हा आरोप मला खोडता येत नाही. जिल्ह्यात कारखाने आले, शेती विकली गेली, कुळाचा मुलगा कंत्राटदार झाला आणि पक्ष मात्र त्याच्याशी कुळ समजूनच बोलत राहिला. त्याच काळात सोलापूर जिल्ह्यातल्या सांगोल्याचे, पक्षाचे गणपतराव देशमुख अकरा वेळा आमदार झाले आणि एस.टी.ने प्रवास करत राहिले. पक्षाच्याच एन. डी. पाटलांनी सहकारमंत्रिपद भोगूनही एन्‍रॉनच्या वीजप्रकल्पापासून सेझपर्यंत (उद्योगांसाठीची विशेष आर्थिक क्षेत्रे) प्रत्येक मोर्चात पाय झिजवले. ही दोन्ही माणसे सहा महिन्यांच्या अंतराने गेली, २०२१ च्या जुलैत आणि २०२२ च्या जानेवारीत. त्या दिवसांत आजोबा असते तर जेवले नसते.

२०२४ मध्ये विधानसभेत पक्षाचा एकच आमदार पोहोचला, तोही सांगोल्यातून. मामेभाऊ हसला तो याच आकड्याला, आणि आकडा खोटा नाही. माझी खरी चीड मात्र पक्षावर आहे, कारण जो आपल्या देणगीदाराला नावाशिवाय पावती देत नव्हता, त्याच पक्षाने स्वतःच्या लढ्यांची नोंद नीट जपली नाही. जुने कार्यकर्ते अजून गावोगाव हयात आहेत. त्यांच्या माळ्यावर अधिवेशनांचे ठराव, हस्तपत्रके, ‘कृषीवल’ या वृत्तपत्राचे अंक वाळवीच्या तोंडी पडून आहेत. रायगडच्या नेत्यांना निवडणुकीच्या हिशेबातून सवड नसेल, तर सांगोल्याच्या तरुणांनी हे गोळा करायला निघावे. आमच्या घरातले जे काही उरले आहे, ते मी द्यायला तयार आहे.