याचिका मागे घेतली म्हणजे गुन्हा कबूल केला असे नव्हे

ठाणे आणि नवी मुंबईतल्या सोसायट्यांच्या व्हॉट्सअॅप गटांवर एक संदेश फिरतो आहे: ‘गुन्हा रद्द करण्यासाठी उच्च न्यायालयात केलेली याचिका मागे घेतली की आरोप मान्य केल्यासारखे होते, खालच्या कोर्टात बचाव उरत नाही, आणि वाटलेच तर नवी याचिका कधीही करता येते.’ यातले एकही विधान बरोबर नाही.

भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 528 (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे 482) खालील याचिकेत प्रश्न एवढाच असतो, की ही कारवाई पुढे चालू द्यावी का. तो प्रश्न सोडून देणे ही कबुली नव्हे. गुन्ह्याची कबुली दोषारोप निश्चित झाल्यावर, तो वाचून व समजावून सांगून, आरोपीला थेट विचारून नोंदवली जाते.

बचावाच्या बाबतीत तर वस्तुस्थिती नेमकी उलट आहे. सुनावणीत न्यायमूर्तींचा कल विरोधात दिसला, की जाणते वकील बहुधा तिथेच याचिका मागे घेण्याची परवानगी मागतात, कारण ती कारणांसह फेटाळली गेली तर त्या आदेशातली प्रथमदर्शनी निरीक्षणे सरकारी वकील पुढे ठाण्याच्या सत्र न्यायालयात किंवा बेलापूरला वाचून दाखवणार, हे त्यांना ठाऊक असते. अशा वेळी वकील ‘फुटला’ असे म्हणणे अन्यायाचे आहे. मात्र ‘सर्व मुद्दे खुले ठेवून याचिका मागे घेण्यास परवानगी’ हे शब्द आदेशात येतील असे पाहावे आणि आदेश संकेतस्थळावर आला की तो स्वतः वाचावा. हे शब्द नसले तरी खटल्याचा निकाल पुराव्यावरच लागतो, पण ते असले की पुढचा वाद टळतो.

दोषमुक्तीचा, म्हणजे खटला सुरू होण्याआधीच आरोपातून मुक्त करण्याचा, अर्जही करता येतो. सत्र खटल्यात दंडाधिकाऱ्यांनी प्रकरण सत्र न्यायालयाकडे सुपूर्द केल्यापासून, आणि पोलिसांच्या दोषारोपपत्रावर दंडाधिकाऱ्यांपुढे चालणाऱ्या वॉरंट खटल्यात (दोन वर्षांहून अधिक शिक्षेच्या गुन्ह्यांचा खटला) कागदपत्रांच्या प्रती मिळाल्यापासून, नव्या संहितेत त्याला 60 दिवसांची मुदत आहे. उच्च न्यायालयात याचिका प्रलंबित असल्याने ती आपोआप थांबते असे त्या कलमांत म्हटलेले नाही. या टप्प्यावर सर्वसाधारणपणे फिर्यादी पक्षाचेच कागद पाहिले जातात, हे सर्वोच्च न्यायालयाने देबेंद्रनाथ पाढी प्रकरणात (2004) स्पष्ट केले. आपल्याकडचे बँकेचे उतारे किंवा सीसीटीव्ही चित्रण यांची खरी जागा उलटतपासणीत आणि बचावाच्या पुराव्यात असते.

राहिली नवी याचिका. परिस्थिती बदलली तर ती करता येते, पण आधीच हाताशी असलेले मुद्दे राखून ठेवून पुन्हा पुन्हा दार ठोठावता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयात भीष्म लाल वर्मा प्रकरणात (2023) ठरले आहे. शिवाय याचिकेत मिळालेली अंतरिम स्थगिती याचिका मागे घेताच संपते, म्हणून अटकेची शक्यता असेल तर अटकपूर्व जामिनाचा अर्ज करेपर्यंत संरक्षण चालू ठेवण्याची विनंती त्याच सुनावणीत करावी लागते.