हरवलेल्या शेवटच्या पानाबद्दल: एका प्रतिक्रियेला उत्तर

तुमची प्रतिक्रिया मंगळवारी रात्री वाचली. तेव्हाच उत्तर लिहायला बसले असते तर शब्द वेगळे आले असते, म्हणून दोन दिवस थांबले.

मूळ लेख ज्यांनी वाचला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. बाराव्या शतकातली एक ग्रीक पोथी आहे, अभ्यासक तिला २८१४ या क्रमांकाने ओळखतात. बायबलच्या नव्या करारातलं शेवटचं पुस्तक, म्हणजे प्रकटीकरण, आणि त्यावरचं केसरियाचा बिशप आन्द्रेयास याचं भाष्य तिच्यात आहे. शेवटचं पान मात्र गेलेलं. डच विद्वान इरॅस्मसने १५१६ साली स्वित्झर्लंडमधल्या बाझलमध्ये ग्रीक नवा करार छापला तेव्हा प्रकटीकरणासाठी त्याच्याकडे ही एकच पोथी होती, तीही जर्मन विद्वान योहान रॉयख्लिनकडून उसनी आणलेली. २२व्या अध्यायातली १६ ते २१ ही सहा वचनं तिच्यात नव्हती. ती त्याने लॅटिन बायबलवरून उलट ग्रीकमध्ये नेली. ही बनवेगिरी नव्हे, असं मी लिहिलं होतं.

त्यावर तुम्ही लिहिलंत: "ताई, चार इंग्रजी लेख वाचून पोथ्यांवर लिहिता येत नाही. सालं चुकलीत. इरॅस्मसने 'काही शब्द' लॅटिनवरून घेतल्याचं म्हटलं, सहा वचनं म्हटलं नाही. १५२७ च्या आवृत्तीत स्पेनमधल्या छापील प्रतीवरून बाकी प्रकटीकरण दुरुस्त केलं, हीच वचनं तशी का ठेवली? आणि मराठी वाचकाला याचं काय?"

आधी माझी चूक. जर्मन अभ्यासक फ्रान्त्स डेलिचला ही पोथी एटिंगन-वालरश्टाइन या जर्मन घराण्याच्या ग्रंथालयात सापडली ते साल १८६१. माझ्या लेखात १८१६ पडलं होतं. दुरुस्त केलं, आभार. पण 'सालं' नव्हे, एक साल. अनेकवचन तुम्ही पदरचं घातलंत.

आता त्या पहिल्या वाक्याकडे येते. ज्या बाईला तुम्ही कधी पाहिलं नाही तिला ताई म्हणायचं आणि त्याच दमात तिची अक्कल काढायची, ही कुठली रीत? माझा सख्खा धाकटा भाऊसुद्धा माझ्याशी असं बोलत नाही. 'तुमचं हे विधान मला पटत नाही' एवढं लिहिलं असतंत तर आज हे उत्तर चार ओळींत संपलं असतं.

राहिला प्रश्न चार इंग्रजी लेखांचा. नोकरीत असताना मी तीन वर्षं, दर रविवारी दुपारी, एका वृद्ध फादरांकडे ग्रीक शिकले. ते शब्द उच्चारायचे, मी वहीत उतरवायचे, चुकलं की ते बोटाने नुसती टिचकी मारायचे. विद्वान झाले असा दावा नाही, पण जे लिहिते ते अक्षर लावून लिहिते. १७वं वचन घ्या. तिथे ग्रीक पोथ्यांत 'ये' या अर्थी 'एर्खू' आहे, इरॅस्मसकडे 'एल्थे'. १६व्यात पहाटेच्या ताऱ्याला पोथ्या 'प्रोइनोस' म्हणतात, तो 'ऑर्थ्रिनोस'. अर्थ तोच, शब्द निराळे, कारण शब्द लॅटिनमधून फिरून आलेत. १९व्या वचनात खरा घोटाळा आहे. ग्रीक पोथ्यांत माणसाचा वाटा 'जीवनाच्या झाडातून' काढला जातो, इरॅस्मसच्या छापील पानावर 'जीवनाच्या पुस्तकातून'. लॅटिनमध्ये झाड म्हणजे 'लिग्नो' आणि पुस्तक म्हणजे 'लिब्रो'. मधली दोन अक्षरं कुठल्या तरी लॅटिन नकलनविसाच्या हातून बदलली, ती इरॅस्मसने जशीच्या तशी ग्रीकमध्ये नेली आणि तिथून १६११ च्या इंग्रजी बायबलात गेली. मनाने रचणारा माणूस दुसऱ्याची नजरचूक उचलत नाही. समोरचा मजकूर बघून इमानाने उतरवणाराच ती उचलतो. हे मला कुठल्या लेखाने शिकवलेलं नाही.

हे मला कळतं कारण बावीस वर्षं मी पुण्यात मुद्रितशोधन केलं. शिशाचे खिळे जुळवून छापायचा जमाना होता. एकदा एका छापखान्यात, नाव घेत नाही, एका चरित्राच्या हस्तलिखिताचा शेवटचा कागद गहाळ झाला. लेखक परगावी, फर्मा यंत्रावर चढायला उभा. मालक म्हणाले, "बाई, पाच-सहा ओळी तुम्हीच लिहून टाका." मी म्हटलं, खाली बारीक टाइपात तशी टीप टाकू. नको म्हणाले. त्या ओळी मी लिहिल्या. त्या कागदावर माझ्या बोटांची शाई लागली होती, तो डाग अजून डोळ्यांपुढे आहे. पुस्तक आलं, लेखकाने ओळखलं, आणि भर खोलीत सगळं माझ्यावर ढकललं गेलं. म्हणून 'बनवेगिरी' हा शब्द मी सैल हाताने वापरू देत नाही. न सांगता भरलेली जागा कशी असते ते मी भोगलंय. इरॅस्मसने सांगितलं होतं. या पुस्तकाच्या अखेरीस ग्रीकमध्ये नसलेलं काही लॅटिनमध्ये आढळलं, ते लॅटिनवरून घातलं, हे त्याच्या टिपांमध्ये छापलेलं आहे. बाझलच्या फ्रोबेनच्या छापखान्यात ऑक्टोबर १५१५ ते मार्च १५१६ एवढ्याच अवधीत अख्खा नवा करार छापून काढला. हे काम संपादलं कसलं, घाईने ढकललं, असं पुढे तो स्वतःच म्हणाला. घाईच्या खुणा जागोजागी आहेत. १७व्या अध्यायाच्या चौथ्या वचनात तर त्याच्या छापील पाठात चक्क ग्रीक भाषेत नसलेला शब्द पडलाय. त्याला निष्काळजी म्हणा, मी मान डोलवीन. लबाड म्हणू नका.

'काही शब्द' की सहा वचनं, याचा कीस तुम्हाला काढायचा असेल तर काढा. नोंद आहे, मला तेवढं पुरे. १५२७ मध्ये त्याने नव्वदच्या आसपास जागा दुरुस्त केल्या हे मलाही माहीत आहे. या सहाच का राहिल्या, हा माझ्या लेखाचा विषय नव्हता.

आणि मराठी वाचकाला याचं काय, हे विचारायला तुम्ही कोण? केडगावात पंडिता रमाबाईंनी हिब्रू आणि ग्रीक शिकून मराठी बायबल केलं. मूळ पाठात काय आहे हे महत्त्वाचं वाटलं म्हणूनच त्यांनी तो खटाटोप केला ना? तेव्हा मराठी वाचकाच्या वतीने बोलू नका, स्वतःपुरतं बोला.

पोथी आज जर्मनीतल्या ऑग्सबर्ग विद्यापीठाच्या ग्रंथालयात आहे. पुढच्या लेखात मी मूळ वचन आणि आन्द्रेयासचं भाष्य तिच्यात एकमेकांत कसं गुंतलंय आणि छपाईसाठी नक्कल करताना त्यामुळे काय काय घोळ झाले, ते लिहिणार आहे. त्याखाली तुमचं म्हणणं जरूर मांडा. ताई म्हणायचं तर मनापासून म्हणा, नाहीतर नुसतं 'तुम्ही' चालेल.