काम करतेस हे सिद्ध कर, मग बाळ ठेव

लाडकी बहीणची केवायसी सुरू झाल्यापासून आमच्या फॅमिली ग्रुपवर एकच वाद चालू आहे. माझ्या मावसभावाचं म्हणणं असं की महिना १५०० रुपये वाटताना कुणी काही विचारलं नाही, हमीपत्रावर सही घेतली की झालं काम, आणि निवडणूक आटपल्यावर सरकारला जाग आली, मग २६ लाखांवर नावं संशयास्पद निघाली, त्यात चक्क पुरुषसुद्धा, तर आता पुरावे मागितले म्हणून रडायचं कशाला. आत्याचं म्हणणं वेगळं, तिनं गावातल्या बायकांचे फॉर्म स्वतः भरून दिलेत, ती विचारते की जिचा नवराही नाही आणि वडीलही नाहीत तिनं ओटीपी कुणाच्या आधारवर मागवायचा. आणि दोघांचं फाटलं की कुणीतरी मला टॅग करतं, "तू सांग गं, तिकडे युरोपात पुराव्याशिवाय एक युरो तरी मिळतो का?"

मिळतो. निदान माझ्यासारखीला तरी मिळतो, आणि हे सांगितलं की दोन्ही बाजू नाराज होतात.

मी नेदरलँड्समध्ये आइंडहोवनजवळ राहते, मुलगा पाळणाघरात जातो. इथं पाळणाघर म्हणजे महागडं प्रकरण, २०२५ साली सरकारनं अनुदानासाठी धरलेला कमाल दर तासाला १०.७१ युरो होता, आणि पाळणाघरं बहुतेक वेळा अख्ख्या दिवसाचे ११ तास लावतात, त्यामुळे आठवड्याला दोन दिवस ठेवलं तरी महिन्याला हजार युरोच्या आसपास जातात. यातला मोठा वाटा सरकार देतं. त्या अनुदानाला किंडरओपफांगटुस्लाख म्हणतात, हा उच्चार जमेस्तोवर मूल शाळेत जातं, म्हणून पुढे नुसतं टुस्लाख म्हणते. कमी पगारवाल्यांना मान्य दराच्या ९६ टक्क्यांपर्यंत, जास्त पगारवाल्यांना पहिल्या मुलासाठी साधारण एक तृतीयांश. अट एकच मोठी, आईबाप दोघंही कामाला पाहिजेत, किंवा मान्यताप्राप्त शिक्षण घेत पाहिजेत.

आता हे सिद्ध कसं करायचं? तर काही करायचं नाही! ऑनलाइन लॉगिन करायचं, पाळणाघराचा रजिस्टर नंबर टाकायचा, महिन्याचे तास, तासाचा दर, आणि या वर्षी दोघांची मिळून कमाई किती होईल याचा अंदाज. अंदाज! पुढच्या डिसेंबरपर्यंत बोनस मिळणार का, पगार वाढणार का, ते आपणच आत्ता सांगायचं. ऑफिसचं पत्र नको, पगाराची स्लिप नको, गॅझेटेड ऑफिसर तर नकोच नको. कारण माझा पगार कंपनी दर महिन्याला सरकारला कळवतेच, पाळणाघर तास कळवतं, मशीन आपापसात जुळवून घेतं. पैसे आगाऊ येतात, पुढच्या वर्षी खरा हिशोब लागतो आणि जास्त आले असतील तर परत मागतात. ऑफिसात लंचला असे परत भरायचे आकडे ऐकायला मिळतात, बोनस मिळाला की टुस्लाखवाले पत्र पाठवणार हे सगळ्यांनी धरलेलंच असतं.

त्यात आणखी एक गोष्ट, जी आम्ही इंजिनीअर मंडळी ग्रुपवर कधी सांगत नाही. बाहेरून आलेल्या बऱ्याच जणांना इथं '३० टक्के रूलिंग' मिळतं, म्हणजे पगारातला तेवढा भाग करमुक्त. टुस्लाख ठरवताना करपात्र उत्पन्न बघतात. म्हणजे आमची खरी कमाई जास्त, कागदावरची कमी, आणि अनुदान त्या कागदावरच्या आकड्यावर. सगळं कायदेशीर आहे. पण हेच लोक लाडकी बहीणवर "फुकट्यांची सवय" असली प्रवचनं फॉरवर्ड करतात तेव्हा मला हसू येतं.

तर पगारदाराला सोपं. आता जिला सोपं नाही तिची गोष्ट. माझी एक मैत्रीण सांगलीची, नवरा इथल्या चिप-मशीनच्या धंद्यात, ती डिपेंडंट व्हिसावर. तिच्या परमिटवर काम करायला मोकळीक आहे. पुण्यात एचआरमध्ये होती. इथं आल्यावर मूल झालं, आता नोकरी शोधायचीय, पण इंटरव्ह्यूला जायचं तर मूल ठेवायला जागा पाहिजे, जागा परवडायला टुस्लाख पाहिजे, आणि टुस्लाख मिळायला आधी नोकरी पाहिजे. असलेली नोकरी गेली तर तीन महिने अनुदान चालू राहतं, पण पहिल्यांदा शोधणारीला शून्य. मूल अडीच वर्षांचं झालं की नगरपालिकेच्या मदतीनं आठवड्यातले थोडे तास मिळतात, चौथ्या वर्षी शाळा फुकट, पण त्याआधी काय? तिनं शेवटी डबे द्यायला सुरुवात केली, रविवारी पुरणपोळी, आणि धंदा रीतसर रजिस्टर केला. स्वतःचा धंदा म्हणजे काम, चालतं. पण माझ्यासाठी जे कंपनी कळवते ते तिला स्वतः जपून ठेवायला लागतं, बिलं, बँकेत आलेले पैसे, कुणी किती पोळ्या नेल्या त्याची नोंद. एकदा तिच्याकडे गेले तर फ्रिजवर मॅग्नेटखाली पावत्यांचा गठ्ठा, आणि ती म्हणाली, "एखाद्यानं रोख दिले ना, तर मला आनंद होण्याऐवजी टेन्शन येतं."

तिचं टेन्शन उगाच नाही. या देशात नेमक्या याच अनुदानावरून सरकार पडलंय, आणि ही गोष्ट आमच्या मावसभावानं जरा नीट वाचावी अशी माझी इच्छा आहे कारण सुरुवात अगदी आपल्यासारखीच झाली होती. २०१३ साली उघड झालं की बल्गेरियातून लोकांना आणून, इथं पत्ता रजिस्टर करून, घरभाड्याच्या आणि आरोग्यविम्याच्या सरकारी अनुदानाची आगाऊ रक्कम उचलून टोळ्या पसार होतात. टीव्हीवर बातमी, संसदेत बोंबाबोंब, सरकार फसवलं जातंय, कडक व्हा. मग ही सगळी अनुदानं वाटणारं कर खातं टुस्लाखच्या बाबतीतही कडक झालं. पण टोळ्या तर केव्हाच गेलेल्या, सापडले ते इथंच राहणारे आईबाप. स्वतःचा वाटा भरल्याची एखादी पावती नाही, एक सही राहिली, आकड्यात थोडा फरक, एवढ्यावरून अख्ख्या वर्षाचं अनुदान परत मागितलं. शंभर युरोचा घोळ असला तरी शंभर नाही, पूर्ण. कुणाला वीस हजार, कुणाला पन्नास हजार युरो. वर 'मुद्दाम केलं' असा शिक्का बसला की हप्त्यानं फेडायची सवलतही बंद. पहिलं गाजलेलं प्रकरण आमच्या आइंडहोवनच्याच, घरी मुलं सांभाळणारी माणसं मिळवून देणाऱ्या एका एजन्सीचं, २०१४ मधलं. संशयित निवडणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये डच नागरिकत्व आहे की नाही हाही एक निकष होता, आणि फसलेल्यांत मोरोक्कन, तुर्की, सुरिनामी कुटुंबं भरपूर. सुरिनाम ही दक्षिण अमेरिकेतली जुनी डच वसाहत, म्हणजे त्यात आपल्या उत्तर भारतातून दीडशे वर्षांपूर्वी मजुरीला नेलेल्यांचे वंशजही आले. घरं गेली, संसार मोडले, या कुटुंबांतली हजाराहून जास्त मुलं सरकारी देखरेखीखाली दुसरीकडे ठेवली गेली. मुलं सांभाळायला मदत म्हणून काढलेल्या योजनेचा हा शेवट.

ओम्टसिख्ट आणि लाइटन हे दोन खासदार, एक उजवीकडचा आणि एक डावीकडची, वर्षानुवर्षं पाठीमागे लागले, एका वकीलबाईनं तर एकेका आईबापाची फाइल घेऊन खात्याशी भांडण केलं. डिसेंबर २०२० मध्ये संसदीय समितीचा अहवाल आला, त्याचं नावच 'अभूतपूर्व अन्याय'. १५ जानेवारी २०२१ ला रुट्टं सरकारनं राजीनामा दिला, पंतप्रधान सायकलवरून राजाकडे राजीनामा द्यायला गेले, जगभर कौतुक झालं की वा काय साधेपणा. दोन महिन्यांनी त्यांचाच पक्ष पुन्हा पहिला आला, ते मात्र फॉरवर्ड होत नाही. पीडितांना किमान ३०,००० युरो भरपाई ठरली आणि ते काम अजून निस्तरतंय.

म्हणून "तिकडे सिस्टिम आहे" हे वाक्य ऐकलं की मी सावध होते. सिस्टिम आहे, पण ती ज्याचं काम आधीच सरकारदरबारी नोंदलेलं आहे त्याच्यासाठी आहे. पुरावा मागणं सगळ्यांना सारखंच लागू होतं असं वाटतं, पण तसं नसतं. माझा पुरावा माझी कंपनी देते, मी झोपलेली असताना देते. ज्याचं काम रोखीचं, तुटक, चार ठिकाणचं, त्याला तो दुसऱ्याच्या पाया पडून गोळा करायला लागतो.

आणि यात आपण काही मागे नाही. महाराष्ट्रात बांधकाम कामगारांचं कल्याणकारी मंडळ आहे, मुलांना स्कॉलरशिप, सुरक्षा किट, तो गाजलेला भांड्यांचा संच, सगळं मिळतं, फक्त मागच्या वर्षभरात ९० दिवस काम केल्याचं प्रमाणपत्र पाहिजे. देणार कोण? ठेकेदार, नाहीतर ग्रामसेवक किंवा नगरपालिकेचा माणूस. नाक्यावर उभा राहणारा गडी रोज वेगळ्या माणसाच्या टेम्पोत चढतो, त्याचे ९० दिवस कुणी मोजलेत? ठेकेदार सही देत नाही कारण सही म्हणजे जबाबदारी, ग्रामसेवक कचरतो कारण त्यानं काम बघितलेलं नसतं, आणि मग मध्ये एजंट येतो, जो पैसे घेऊन ९० दिवस जन्माला घालतो. म्हणजे खऱ्या कामगाराकडे कागद नाही आणि ज्यानं कधी घमेलं उचललं नाही त्याच्याकडे लॅमिनेट केलेला.

घरकाम करणाऱ्या बायकांचंही तेच. २००८ च्या कायद्यानं त्यांचं मंडळ झालं, नोंदणीला मालकिणीचं प्रमाणपत्र लागतं की ही आमच्याकडे काम करते. माझ्या आईकडे सिंहगड रोडला ज्या मावशी येतात त्या पाच घरं करतात. पत्र आईनं दिलं. बाकीच्या घरांत एक म्हणाली "साहेबांना विचारून सांगते", एकीला भीती की उद्या पीएफ मागेल, एकीनं तर सरळ सांगितलं की असलं लिहून देत नसतात. पाच घरी रोज भांडी घासणाऱ्या बाईचं काम सिद्ध व्हायला साहेबांची परवानगी! आणि ही सोसायटी शिकल्या-सवरल्या लोकांची आहे, त्यातल्या दोघींच्या मुली माझ्यासारख्याच परदेशात.

पण एका बाबतीत आपण कागदावर तरी नेदरलँड्सच्या पुढं आहोत आणि हे कुणी बोलत नाही. अंगणवाडीच्या दारात कुणी आईला विचारत नाही की तू कामाला जातेस का. १९७५ पासून नाही विचारलं. पाळणाघरांच्या आधीच्या केंद्रीय योजनेत अट होती, आई महिन्यातले किमान १५ दिवस किंवा वर्षातले सहा महिने कामाला पाहिजे. २०२२ मध्ये तिची 'पाळणा' योजना झाली आणि ती अटच काढली, सहा महिने ते सहा वर्षांचं कुठलंही मूल चालेल, आई कामाला असो नसो. इथं डच लोकांनी २०२३ मध्ये कामाचे तास मोजणं बंद केलं, आधी कमी काम करणाऱ्या पालकाच्या तासांवर अनुदान बांधलेलं असायचं, पण काम पाहिजे ही अट तशीच आहे. मोठी सुधारणा येणार म्हणतात, पाळणाघर जवळजवळ फुकट, पैसे थेट पाळणाघराला, म्हणजे आईबापांच्या डोक्यावर परतफेडीची टांगती तलवार नाही, ती २०२५ ची २०२७ झाली, २०२७ ची २०२९ झाली. आणि तीसुद्धा कामाला जाणाऱ्यांसाठीच. सांगलीच्या मैत्रिणीसारखीला तेव्हाही शून्य.

अर्थात आपलं 'पुढं असणं' किती ते बघा, देशात अंगणवाड्या जवळपास १४ लाख, आणि पाळणाघरासकटच्या अंगणवाड्यांचं उद्दिष्ट १७,०००. बाकीच्या अंगणवाड्या दुपारी बंद होतात, मावशींची तिसऱ्या घरची भांडी तेव्हा नुकती सुरू झालेली असतात. आणि सेविकांनी मानधनासाठी २०२३ च्या डिसेंबरात संप केला तेव्हा आपल्याच ग्रुपवर "यांना काम तरी काय असतं" असं आलं होतं. भांडायचं असेल तर यावर भांडा ना, वेळ वाढवा, पाळणाघरं वाढवा, सेविकेला पूर्ण पगार द्या, कारण ही एकच जागा आहे जिथं पुराव्याची भानगड मुळातूनच नाही.

मावसभाऊ म्हणणार, मग चोरांना सोडायचं का. नाही ना. लाडकी बहीणमध्ये सरकारी नोकरीतल्या बायका सापडल्या, ठीक, पण सरकारी नोकरांच्या पगाराची यादी सरकारच्याच सेवार्थ या पगाराच्या सिस्टिममध्ये आहे. चारचाकी कुणाच्या नावावर आहे ते आरटीओच्या कॉम्प्युटरमध्ये आहे. ही जुळवणी पहिला हप्ता जायच्या आधी करता आली असती, एकाही बाईला सायबर कॅफेच्या रांगेत उभं न करता. जे सरकारला माहीत आहे ते सरकारनं बघावं, जे माहीत नाही त्यासाठी बाईच्या शब्दावर आधी पैसे द्यावेत, आणि चूक निघाली तर चुकीएवढेच परत घ्यावेत, हप्त्यानं. डच लोकांना हा शेवटचा मुद्दा कळायला सरकार पडायला लागलं.

हे सगळं ग्रुपवर टाकलं. आत्याचा अंगठा आला. मावसभावानं दोन दिवसांनी लिहिलं, "आरटीओचं पटलं. पण नाक्यावरच्या माणसाचं कुठल्याच कॉम्प्युटरमध्ये नाही, त्याचं काय?" प्रश्न बरोबर आहे. माझं उत्तर असं की मंडळाकडचा पैसा बिल्डरकडून बांधकामाच्या खर्चावर घेतलेल्या उपकरातून येतो, म्हणजे कुठली साइट कुठं चालू आहे हे सरकारला माहीत असतंच, मग नोंदणी करणाऱ्या माणसानं त्या साइटवर जावं, कामगारानं ठेकेदाराच्या मागं कशाला फिरायचं. यावर अजून त्याचं काही आलेलं नाही.