ओळंबा का कलतो : एका वाचकाच्या आक्षेपांना उत्तर

नमस्कार.

माझ्या दीर्घकथेतल्या कड्यावरच्या वेधशाळेबद्दल आपण इतके सविस्तर लिहिलेत, याबद्दल प्रथम आभार. आपले म्हणणे थोडक्यात असे : ज्या जगात मंत्राने नदी थांबते, तिथे ताऱ्यांमागची अज्ञात शक्ती शोधायला वेधशाळा कशाला हवी, मोजायला बसले की गूढ उरत नाही, ओळंब्याच्या दोऱ्यावर तीन पाने खर्च करून मी प्रकरणाचा जीव घालवला, आणि एवढे करूनही ती 'ओढ' म्हणजे नेमके काय, हे सांगितले नाही, ही वाचकाची फसवणूक आहे. याशिवाय चंद्रकोरीची एक चूक आपण दाखवलीत. तिच्याकडे शेवटी येतो.

मोजमापाने गूढ मरते, हा आपला मुख्य आक्षेप आहे आणि तो मला अजिबात मान्य नाही. कथेतली म्हातारी वेधकर्ती रोज रात्री ओळंबा सोडते, दोरा स्थिर होईपर्यंत श्वास रोखून बसते आणि तो उत्तरेकडे किती कलला याची वहीत नोंद करते. ही कल्पना मला मंत्रतंत्राच्या गोष्टींतून सुचलेली नाही. ती आली आहे एकोणिसाव्या शतकातल्या भारताच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणातून.

त्या सर्वेक्षणात हिमालयाच्या बाजूचे कलियाना आणि त्याच्या दक्षिणेला सुमारे ६०० किलोमीटरवर, मध्य भारतातले कल्याणपूर, अशा दोन ठाण्यांमधला अक्षांशाचा फरक दोन रीतींनी काढला होता : एकदा जमिनीवर त्रिकोण मोजत जाऊन आणि एकदा ताऱ्यांचे वेध घेऊन. दोन्ही उत्तरे जुळायला हवी होती, पण त्यांत सुमारे ५ विकलांची तफावत निघाली. विकला म्हणजे एका अंशाचा ३६०० वा भाग. मग ५ विकला म्हणजे किती? एक मीटर लांबीचा ओळंबा तेवढा कलला, तर त्याचे टोक केसाच्या जाडीच्या निम्म्याइतकेही सरकत नाही. एवढ्याशा फरकाकडे काणाडोळा करायला कोणाचीच हरकत नसती. परंतु ताऱ्यांचा वेध घेताना 'बरोबर डोक्यावर' म्हणजे कोणती दिशा, हे शेवटी ओळंबाच ठरवतो. आणि शेजारी हिमालयासारखे धूड उभे असेल तर ते ओळंब्याला आपल्याकडे ओढणारच. कोलकात्याचे आर्चडीकन (वरिष्ठ ख्रिस्ती धर्मगुरू) आणि गणिती जॉन प्रॅट यांनी ही ओढ किती असावी याचा हिशेब मांडला. तो १८५५ साली प्रसिद्ध झाला, आणि त्यात उत्तर आले जवळजवळ १६ विकला.

कथाकार म्हणून मला मोह पडतो तो नेमका इथे. तफावतीचे कारण तर सापडले, पण ते कारण तिप्पट मोठे निघाले! हिमालय जेवढा ओढायला हवा त्याच्या एक तृतीयांशच ओढत होता. मोजण्याआधी गूढ असे काही नव्हतेच, नुसता एक डोंगर होता; मोजल्यावर मात्र त्या डोंगराच्या पोटात काय दडले आहे, हा प्रश्न उभा राहिला. त्याच वर्षी ब्रिटिश खगोलज्ञ जॉर्ज एअरी यांनी सुचवले की पर्वताखाली हलक्या खडकाचे खोल मूळ असावे आणि पर्वत त्यावर, पाण्यातल्या ओंडक्यासारखा, तरंगत असावा. मंत्राने नदी थांबवणाऱ्या माझ्या मांत्रिकाला हे कधीच कळले नसते, कारण त्याला ५ विकलांची चुटपुट लागली नसती.

आता फसवणुकीविषयी. खगोलज्ञ फ्रिट्झ झ्विकी यांनी १९३३ साली अरुंधती केश तारकासमूहातल्या दीर्घिकांच्या (आपल्या आकाशगंगेसारख्या प्रचंड तारासमूहांच्या) गुच्छाचा अभ्यास केला, तेव्हा त्या दीर्घिका इतक्या वेगाने फिरताना आढळल्या की दिसणाऱ्या द्रव्याच्या ओढीने तो गुच्छ एकत्र राहूच शकला नसता. न दिसणारे काहीतरी त्यांना धरून ठेवते आहे, असे त्यांनी म्हटले. त्याला आपण कृष्णद्रव्य म्हणतो. ते कशाचे बनले आहे हे आजही ठरलेले नाही. नव्वद वर्षांहून अधिक काळ वेधशाळा त्याच्या मागावर असताना माझ्या म्हातारीने एका प्रकरणात उत्तर द्यावे, ही अपेक्षा मला जरा जास्त वाटते. तिच्या हाती एवढेच आहे की ओढ आहे, ती उत्तरेकडून येते आणि ती दर महिन्याला किंचित वाढते आहे. वाचकालाही याहून अधिक कळू नये, असे मी ठरवूनच लिहिले.

तीन पानांचे मात्र आपले म्हणणे अर्धे खरे आहे. वाऱ्याने दोरा हलू नये म्हणून ती खड्ड्यात उतरते, हा भाग मी ठेवणार आहे. डॅनिश खगोलज्ञ टायको ब्राहे यांनीही वाऱ्याच्या त्रासापायी १५८४ च्या सुमारास ह्वेन बेटावर आपली उपकरणे जमिनीखालच्या खोल्यांत नेली होती. पण दोरा कोणत्या सुताचा होता आणि त्याला मेण कसे लावले, हे माझे लाड होते. ते काढले.

आणि ती चंद्रकोर. शुक्ल द्वितीयेची कोर मी मध्यरात्री माथ्यावर आणून ठेवली होती, आणि ती सूर्यास्तानंतर थोड्याच वेळात मावळते हे आपण अचूक दाखवलेत. जग काल्पनिक आहे, तिथला चंद्र वेगळा, असे म्हणून मला सुटता आले असते. पण केसभर कललेल्या दोऱ्यावर अख्खी कथा उभी करायची आणि चंद्र हवा तिथे टांगायचा, हे शोभणारे नव्हते. आता तिथे कृष्ण अष्टमी आहे. चंद्र मध्यरात्रीच्या सुमारास उगवतो, त्यामुळे रात्रीचे पहिले दोन प्रहर म्हातारीला काळोखात चाचपडत काढावे लागतात, आणि दिव्यातले तेल तिने कोणाकडून उसने आणले हे मला नव्याने लिहावे लागले आहे.